तिच्या शब्दावर उठलेल्या बायका

"कामाला लागलीस काय गो?"

अक्का भेटली की आधी हे विचारायची. घरचं कसं काय, पोरं काय करतात, हे सगळं नंतर. विचारताना समोरच्या बाईचं मनगट धरायची आणि उत्तर मिळेपर्यंत सोडायची नाही. रत्नागिरीच्या एसटी स्टँडवर किंवा मच्छीमार्केटच्या पायऱ्यांवर कुणाचं तरी मनगट धरून उभी असलेली एक उंच, सडपातळ बाई तुम्हीही कधी पाहिली असेल. लांबून भांडणच वाटायचं.

एमआयडीसीतल्या एका कोळंबीच्या कारखान्यात आम्ही एकत्र होतो. ती सोलायच्या टेबलावर, मी वजनकाट्यावर. माझ्या लग्नाआधीपासून ती तिथे होती. बर्फाच्या पाण्यात एखादीची बोटं बधिर झाली, की अक्का आपला गरम चहाचा पेला तिच्या हातात द्यायची आणि सुपरवायझरकडे बघत उभी राहायची. तोच नजर वळवायचा. तिला कुणी पुढारीण म्हणून निवडलं नव्हतं. पण कुणाला रजा हवी असो, कुणाला नवऱ्याने मारलेलं असो, पहिला निरोप अक्काला जायचा.

मग माल कमी यायला लागला. आठवडाभराचं काम तीन-चार दिवसांवर आलं. मालक म्हणत, समुद्रातच कोळंबी नाही. गाड्यांचे ड्रायव्हर म्हणत, कोळंबी आहे, पण ती आता गुजरातला जाते, मालकांचा नवा कारखाना तिकडे उभा राहिलाय. शेजारच्या कारखान्यात कामाला बायका घेत होते. काहीजणी जायला निघाल्या, तेव्हा अक्कानेच थांबवलं. निवडणूक तोंडावर होती आणि आमच्या भागातल्या पुढाऱ्याने कारखाना बंद होऊ देणार नाही असं तिला सांगितलं होतं. तिच्या वाडीत नळ त्यानेच आणला होता, म्हणून तिचा त्याच्यावर विश्वास. त्याच्या सभेला ती आम्हा सगळ्यांना घेऊन गेली. पहिल्या रांगेत बसलो होतो आम्ही.

सभेनंतर थोड्याच दिवसांत फ्रीझर न्यायला ट्रेलर आले. बायकांनी हातातली कोळंबी टाकली आणि गेटसमोर बसकण मारली. डोक्यावर जाळीच्या टोप्या, पायात गमबूट, मांडीवर डबे. दुपार झाली तरी कुणी हललं नाही. पोलीस आले, तेही सावलीत जाऊन बसले.

तेवढ्यात अक्काला त्या पुढाऱ्याचा फोन आला. ती भिंतीच्या कडेला गेली, बराच वेळ नुसती ऐकत राहिली. परत आली ती आमच्यात बसली नाही. उभ्यानेच म्हणाली, "मशीन दुरुस्तीला चाललीत. साहेबांनी शब्द दिलाय. उठा."

राजिवड्याची मेहरून तिच्या अगदी पायाशी बसलेली. तिने वर बघून विचारलं, "खरं ना, अक्का?"

"मी सांगते ना."

आम्ही उठलो. चाकाखाली यायला नकोत म्हणून डबेही उचलून बाजूला ठेवले. ट्रेलर आमच्या अंगावर लाल धूळ उडवत हायवेकडे गेले.

मशीन परत आली नाहीत. मतदान झालं आणि त्याच आठवड्यात गेटला कुलूप लागलं. पुढारी निवडून आला होता. शेजारच्या कारखान्यातल्या जागा तोवर भरल्या होत्या. आमच्यातल्या वैशालीने मुलीचं कॉलेज सोडवलं आणि तिला दुकानात उभी केली. दोघी-तिघी आंब्याच्या हंगामापुरत्या पेट्या भरायला जायच्या, एरवी घरी. मला एका औषधाच्या दुकानात लगेच काम मिळालं. अक्काला हे सांगताना मात्र मी खाली बघितलं होतं.

तिला कुणी बोललं नाही. एकीनेही नाही. तेच तिला सोसलं नाही असं मला वाटतं. एखादीने दारात उभी करून चार शब्द सुनावले असते, तर ती बरी झाली असती. त्याऐवजी बायका तिला चहा करून देत. ती तो अर्धा टाकून उठायची आणि त्यांच्यासाठी काम शोधायला निघायची. दवाखाने, हॉटेलं, हॉस्टेलची स्वयंपाकघरं, सगळीकडे जाऊन विचारायची. एका काजूच्या कारखान्यात मुकादमाने तिलाच ठेवतो म्हटलं. जागा एकच होती. दुसऱ्या दिवशी तिने मेहरूनला पाठवली. स्वतः लोकांची भांडी घासत राहिली.

पुढच्या निवडणुकीला तो पुढारी तिच्या अंगणात आला. बायकांना सभेला आणायचं होतं. अक्काने त्याला खुर्ची दिली, पाणी दिलं, आणि जरा बसा म्हणून सांगून आम्हाला बोलावणी धाडली. मिळतील तेवढ्या आलो. सगळ्या समोर बसल्यावर ती त्याला शांतपणे म्हणाली, "त्या दिवशी फोनवर मला जे सांगितलंत, ते आता यांना सांगा."

त्याने घसा साफ केला. जागतिक बाजार, मालकाच्या अडचणी असं काहीतरी सुरू केलं. अक्का म्हणाली, "हे नाय. ते सांगा." तो आमच्याकडे बघू लागला, आम्ही त्याच्याकडे. मग त्याला कुठेतरी जायची आठवण झाली. त्याची गाडी गेल्यावर मेहरून हसली, आम्हीही हसलो. अक्का हसली नाही. पाण्याचा तांब्या उचलून आत गेली.

पुढे तिचे गुडघे गेले. देवरूखला बहिणीकडे कायमची राहायला निघाली तेव्हा मी स्टँडवर गेले होते. बसला अवकाश होता. इतकी वर्षं मनात घोळवलेलं मी बोलून टाकलं. म्हटलं, "अक्का, आता सोड तो गेटचा विषय. आम्हीही कंटाळलो होतो उन्हात. तू बोलली नसतीस तरी उठलोच असतो."

मी खोटं बोलतेय हे तिला कळलं, आणि का बोलतेय तेही कळलं.

"नाय गो," ती म्हणाली. "तुम्ही बसून राहिला असतात. माझ्या शब्दावर उठलात. तेवढं तरी माझं राहू दे."

बस लागली. मी तिची पिशवी वर दिली. ती खिडकीशी बसली, पण बाहेर बघितलं नाही. गाडी वळून दिसेनाशी झाली तरी मी फलाटावरच होते.