तुलारामचा साक्षीदार

भोजराज सानगडीचा, विणकराच्या घरचा. पण पोराचे पाय मागावर टिकले नाहीत. शाळेच्या मैदानावर फुटबॉल खेळताना त्याचा डावा पाय असा चाले, की हरलेली लाखांदूरची टीमही त्याला बघायला थांबे. १९७२ साली भंडाऱ्यातल्या एका पितळी भांड्यांच्या कारखान्याच्या मालकानं, नंदलाल शेठनं, त्याला आपल्या टीममध्ये उचललं. दुपारपर्यंत भांड्यांना पॉलिश, संध्याकाळी सराव, जिंकल्यावर बक्षिसी. हजेरीपटावर मात्र एकाही खेळाडूचं नाव नव्हतं.

गोलकीपर होता वरठीचा तुलाराम. दोघं एकाच खोलीत राहत. भोजराजनं कॉलेजात नाव घातलं होतं. परीक्षा आली की त्याच्या वाटची भांडीही तुलाराम ओढून घेई.

"तू वाच बे," तो म्हणायचा. "आपल्या टीममंदी एक तरी शिकलेला पायजे."

१९७६ च्या मार्चमध्ये असंच चाललं होतं. भोजराज गोणपाटावर पुस्तक घेऊन बसलेला, तुलाराम भोजराजच्या पॉलिशच्या मशीनवर. किंकाळी ऐकून भोजराजनं मान वर केली. तुलारामचा उजवा हात पट्ट्यात गेला होता. मशीन भोजराजनंच बंद केलं. तीन बोटं गेली.

दवाखान्यात शेठनं सांगितलं, "खेळताना लागलं." पुढच्या हंगामाला नवा गोलकीपर आला.

तुलारामनं शेठवर कोर्टात भरपाईचा दावा टाकला; तो वर्षानुवर्षं रेंगाळला. भोजराज एम.ए.ला पहिल्या वर्गात आला आणि त्यानं फुटबॉल सोडला. पितळ कामगारांवर त्यानं पीएच.डी. केली, नागपूरला विद्यापीठात लेक्चरर झाला. त्या प्रबंधात या अपघातावर एक पान होतं. नावाच्या जागी 'एक कामगार' एवढंच. मशीन कुणाच्या वाटचं होतं, तेही त्यानं लिहिलं नाही.

१९८४ च्या दिवाळीनंतर तुलाराम विद्यापीठात त्याच्या विभागात आला. डाव्या हातानं पिशवी सावरत दारातच उभा राहिला.

"शेठ म्हणते, मी कामाले नोयतोच, फकस्त बॉल खेळत होतो. सोळा तारखेले साक्ष हाय. तू पायलं हायेस. तुह्या पुस्तकातबी हाय म्हणते. तेवढंच कोर्टात सांग."

"येतो मी," भोजराज म्हणाला. "नक्की येतो."

"अशी शुद्ध काहून बोलून राहिला बे माह्यासंग?" तुलाराम हसला.

त्याच महिन्यात रीडरच्या, म्हणजे लेक्चररच्या वरच्या, जागेची मुलाखत होती. आणि नंदलाल शेठ आता विद्यापीठाचे मोठे देणगीदार झाले होते, कुलगुरूंच्या शेजारी बसत. एका समारंभात त्यांनी भोजराजच्या पाठीवर हात ठेवला. "आपल्या टीमचा पोरगा! रीडर व्हायलाच पाहिजे." बस, एवढंच. कोर्टाचा विषय त्यांनी काढला नाही, कुणीच काढला नाही. भोजराजनं आपला हिशेब आपणच केला. पंधरा तारखेला त्यानं वरठीला तार केली: तब्येत बरी नाही.

सोळाला तो वर्गात शिकवत होता.

साक्षीदार नाही म्हणून दावा फेटाळला गेला. जानेवारीत भोजराज रीडर झाला. विभागात पेढे वाटले गेले.

त्यानंतर पंधरा दिवसांनी तुलारामची बायको रुखमा आली. याच बाईनं वरठीच्या घरी किती वेळा त्याला भात वाढला होता.

"बसा ना वहिनी."

"बसत नाही. त्यायले ठाऊक नाही मी आली ते." तिनं पदर सावरला. "तुमी बिमार होते?"

भोजराज टेबलावरचे कागद आवरू लागला.

"शिपायाले इचारलं मी. सोळाले सर आलते म्हणते."

"वहिनी, माझी मुलाखत होती..."

"तुमी पायलं होतं न?"

"पाहिलं होतं."

"मंग?"

भोजराजनं खुर्ची तिच्याकडे सरकवली.

"ते अजूनबी लोकायले सांगतेत, भोजू खरंच बिमार असन," ती म्हणाली, आणि जिना उतरून गेली.

पूर्वी गावी जाताना भोजराज रेल्वेनं वरठीला उतरायचा, तुलारामकडे जेवून मग पुढची बस धरायचा. त्या वर्षापासून तो नागपूरहून थेट एस.टी.नं गावाजवळच्या साकोलीला जाऊ लागला. आईनं एकदा विचारलं, "तुलारामकडे नाही गेला का रे?" तो म्हणाला, वेळ नव्हता.