पानी शे का पू शे?

कुणाचाही डोळा पाहण्याआधी बाई कोपरापर्यंत हात धुवायच्या. मग आलेल्याला दारातल्या उजेडात उभं करायचं, अंगठ्याने खालची पापणी अलगद ओढायची आणि विचारायचं, "पानी शे का पू शे?" म्हणजे पाणी येतंय की पू? समोरचा गोंधळायचा. लगेच दुसरा प्रश्न, "सकायले पापन्या चिकटतस का?" एवढ्यावर त्या अर्धी रांग मलम न देता परत पाठवत.

नंदुरबार तेव्हा जिल्हा नव्हता, तालुका होता. अक्कलकुव्याच्या पुढे, गुजरातच्या सीमेजवळ एका बाजारगावात आमचा लहानसा दवाखाना होता. गावाचं नाव सांगत नाही. त्यात माझाच कमीपणा आहे. डॉक्टर आठवड्यातून एकदा अक्कलकुव्याहून येत. बाकीचे सहा दिवस दवाखाना म्हणजे नर्सबाई आणि मी. मी कंपाउंडर, मूळचा रनाळ्याचा.

बाई साताऱ्याकडच्या. नवरा गेल्यावर शिकून नोकरीला लागलेल्या. आमची अहिराणी त्यांनी वर्षभरात उचलली, पण शब्द असे सावकाश आणि स्वच्छ बोलायच्या की बाजारातल्या बायका तोंडाला पदर लावून हसत. बाईही हसायच्या. मात्र मलमाच्या बाबतीत त्यांना कधी हसवता आलं नाही.

डोळे येण्याची साथ तुम्हीही पाहिली असेल. एका घरात शिरली की सगळं घर लाल डोळे घेऊन बसतं. बाजाराच्या दिवशी खापरकडून, डोंगरातून लोक येत आणि प्रत्येकाला मलमच हवं असे. पेनिसिलिनचं मलम नवीन होतं, त्याचं नाव लांबवर गेलं होतं. आमच्याकडे नळ्या येत मोजक्या.

"पानी शे. आठ-दहा दिनमा जाई," बाई सांगत. "उकयेल पानी थंड करा, स्वच्छ फडकावरी पुसा. पंचा आपला आपला. डोयाले हात लावू नका."

"आन् मलम?"

"मलम या दुखनाले वयखत नही."

मलम या दुखण्याला ओळखतच नाही, हे उत्तर कुणालाच पटत नसे. दोन-तीन मैल चालत आलेल्या माणसाला पाणी उकळायला सांगितलं, तर त्याला अपमानच वाटणार. एक म्हातारबुवा तर तिसऱ्या खेपेला दोन्ही डोळ्यांच्या कोपऱ्यात पांढरं काही घेऊन आले. बाईंनी पापणी ओढली, कापसाने ते टिपलं, नाकाशी नेलं.

"बाबा, साय शे ही. गायनी का म्हैसनी?"

"म्हैसनी," म्हातारबुवा बोलून गेले. रांगेतले सगळे हसले. बाईंनी मात्र त्यांचे डोळे नीट धुतले आणि त्यांना सावलीत बसवून पाणी प्यायला दिलं.

पण खरोखर पू दिसला, पुसला तरी पुन्हा दाटून आला, की कपाट लगेच उघडायचं. एका चुडीवाल्याच्या मुलीच्या पापण्या पिवळ्या पुवाने चिकटल्या होत्या; तिला मलम मिळालं आणि चौथ्या दिवशी ती नितळ डोळ्यांनी बांगड्या विकायला बसली. आणि कुणी म्हणालं, डोळा दुखतो, उजेड सोसत नाही, धूसर दिसतं, तर बाई स्वतःकडचं काहीच न घालता त्याला मोठ्या दवाखान्यात पाठवत. कापसाच्या शेतात पऱ्हाटीची काडी डोळ्यात गेलेल्या एका माणसाला त्यांनी दंडाला धरून मोटारीत बसवलं होतं.

माझ्या थोरल्या मुलीचे डोळे आले तेव्हा तिलाही मलम मिळालं नाही. सर्दी होती, डोळ्यांतून पाणी वाहत होतं. बायको म्हणाली, "तुम्ही तिथं नोकरीला असून उपयोग काय?" नवव्या दिवशी मुलगी बरी झाली. बायको मात्र बाईंशी महिनाभर बोलली नाही. खरं सांगायचं तर मीही मनात काहीतरी धरून बसलो होतो.

पुढच्या वर्षी साथ मोठी आली. कपाटात चार नळ्या उरल्या आणि नवा माल यायला आठवडा होता. अशात बाईंना डोंगरातल्या एका पाड्यावर अडलेल्या बाळंतिणीसाठी जावं लागलं. जाताना त्यांनी चावी माझ्या हातात दिली. "पू असेल त्यालाच, भाऊ."

त्याच दुपारी गावातल्या बड्या घरचे काका आले. बागायतदार माणूस. घरात मुलीचं लग्न तीन दिवसांवर, आणि नवरीसकट पाच-सहा जणांचे डोळे लाल. मी त्यांच्या घरी जाऊन पाहिलं. पाणीच होतं. मला ते कळत होतं. बाईंबरोबर दोन वर्षं काढल्यावर न कळायला काय झालं?

"लगीनमा नवरीना डोया असा लाल?" काका म्हणाले. "तू ते आपला मानूस शे. ती बाई परमुलखनी. दे ना रे भाऊ, काय बिघडी?"

मी चारही नळ्या दिल्या. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला, तो मला आवडला, हेही सांगून टाकतो.

बाई दुसऱ्या दिवशी संध्याकाळी थकून परतल्या आणि तशाच खोलीवर गेल्या. सकाळी दवाखाना उघडतो तोच डोंगरातल्या दुसऱ्याच पाड्यावरचं एक जोडपं ओट्यावर बसलेलं. पहाटे अंधारात निघून आले होते. आईच्या ओटीत चार दिवसांचं मूल. त्याच्या पापण्या टरटरून सुजल्या होत्या.

बाईंनी हात धुतले. मुलाला मांडीवर घेऊन पापण्या विलग केल्या, तसा पू उसळून बाहेर आला. त्यांनी या वेळी काही विचारलं नाही.

"भाऊ, मलम."

मी कपाट उघडलं नाही. उघडून काय करणार? "बाई, मलम नाही. काकांकडे लग्न आहे..."

त्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. जेमतेम एक क्षण. मग म्हणाल्या, "मीठ घालून पाणी उकळा. मग काकांकडे जा. उरलं असेल तेवढं आणा. पळत जा."

मी पळालो. मांडवात वाजंत्री वाजत होती. एक नळी लग्नाच्या खरेदीला निघालेल्या पाहुण्यांबरोबर सुरतेकडे गेली होती. एक मुलांनी तुडवली होती. तिसरी एका आजींनी टाचांच्या भेगांना लावून संपवली होती. चौथी नवरीच्या आरशापाशी सापडली, अर्धी पिळलेली, टोपण नसलेली. ती मुठीत धरून मी परत आलो.

बाईंनी नळी पाहिली आणि बाजूला ठेवली. उघडी, कुणाकुणाच्या बोटांची नळी त्या तान्ह्या डोळ्यांना लावणं त्यांना शक्य नव्हतं. त्या मिठाचं पाणी धारेने सोडत होत्या, पुसत होत्या, पुन्हा सोडत होत्या. "नुसत्या धुण्याने हे थांबणार नाही," त्या म्हणाल्या. "याला आजच पेनिसिलिनचं इंजेक्शन पाहिजे. उद्या नाही."

अक्कलकुव्याकडे जाणारा कापसाचा ट्रक त्यांनी रस्त्यात उभं राहून थांबवला. मुलाला मांडीवर घेऊन पुढे बसल्या, आई शेजारी, बाप मागे गाठोड्यांवर. ट्रक सुटतानाही त्या मुलाचे डोळे पुसत होत्या. मला "चला" म्हणाल्या नाहीत.

तीन दिवसांनी परत आल्या. डॉक्टरांनी इंजेक्शनं दिली होती, आईबापांनाही. रोग आईच्या अंगातून बाळंतपणात मुलाच्या डोळ्यांत उतरला होता. मुलाचा उजवा डोळा वाचला. डाव्यावर पांढरं फूल पडलं, त्याची नजर गेली.

"त्या सकाळी कपाटात नळी असती," मी विचारलं, "तर दोन्ही वाचले असते?"

बाई कापसाचे बोळे करत होत्या. "ठाऊक नाही. आले तेव्हाच डावा फार बिघडला होता. वाचलाही नसता कदाचित." मग पुढचा बोळा वळत म्हणाल्या, "पण आता ते आपल्याला कधीच कळणार नाही."

त्यांनी डॉक्टरांना काय सांगितलं, मला समजलं नाही. माझ्यावर कारवाईचा कागद आला नाही. चावी मात्र त्यांनी परत मागितली नाही, ती माझ्याकडेच राहिली, आणि ती खिशात बाळगणं मला जड जाऊ लागलं. त्या दिवसापासून प्रत्येक डोळा त्या आधी मला पाहायला लावत. "बघा भाऊ. पाणी की पू?" मी सांगायचं, मग त्या पाहायच्या. आवाजात राग नसे. एकदा मला राहवलं नाही.

"बाई, एकदा रागवा तरी माझ्यावर."

"मी रागावले तर तुम्हाला हलकं वाटेल," त्या म्हणाल्या. "पुढचा डोळा बघा."

दोन वर्षांनी त्यांची बदली झाली, देशाकडे कुठेतरी. निरोप समारंभ वगैरे काही झाला नाही. एका ट्रंकेत त्यांचं सगळं मावलं. मोटारीत बसताना त्यांनी मला नमस्कार केला आणि म्हणाल्या, "पाणी उकळायला सांगता ना सगळ्यांना?" मी मान हलवली. पुढे एक पत्र आलं, त्याला मी उत्तर लिहिलं. मग पत्रंही थांबली.

त्या गेल्यानंतरच्या पावसाळ्यात, बाजाराच्या दिवशी ती डोंगरातली आई ओट्याशी आली. पोर बोट धरून चालत होतं. हातात पळसाच्या पानात बांधलेली रानभाजी. ती तिच्या बोलीत काही म्हणाली. त्यातला 'बाई' एवढाच शब्द मला कळला. मी सांगितलं, बाई गेल्या, आणि त्यांच्या डावीकडच्या रस्त्याकडे हात केला.

आईला चटकन समजलं, तिने तिकडे पाहिलं. पोराला डाव्या डोळ्याच्या बाजूचा माझा हात दिसला नव्हता. मग त्याने सगळा चेहरा डावीकडे वळवला, उजवा डोळा रस्त्यावर आणला, आणि त्या रिकाम्या रस्त्याकडे तो बराच वेळ, अगदी निरखून पाहत राहिला.