लाल राक्षस, निळा राक्षस

मे १९७८, कोराडीच्या औष्णिक वीज केंद्राची वसाहत. हजर: मी, माझी ताई आणि शेजारची मैत्रीण. राक्षसांची चित्रं असलेले माचिसचे छाप आम्ही दोघी मैत्रिणी वर्षभर जमवत होतो. जिच्याकडे जास्त राक्षस निघतील, तिला दुसरीचा अख्खा डबा मिळणार होता. प्रत्येक राक्षस लाल आणि निळा अशा दोन रंगांत यायचा, पण जोडी एकच धरायची, हा नियम ताईनंच केला होता. म्हणून मी माझे निळे छाप वसाहतीतल्या पोरांना वाटून टाकले. मोजणीच्या दुपारी ताईनं ओट्यावरची कोळशाची राख पुसली, छाप मांडले आणि ती मैत्रिणीचे लाल-निळे वेगवेगळे मोजायला लागली. “ताई, हे काय करून राहिली वं तू? जोडी एकच न?” “रंग दोन दिसते न तुले? मग राक्षसही दोन.” माझा डबा काखेत मारत मैत्रीण म्हणाली, “आता रडून काहून राहिली वं?” संध्याकाळी ताई त्याच मैत्रिणीची नवी सायकल चालवत आमच्या दारावरून गेली. तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. आता ताई दर दिवाळीला माझ्याकडे येते. फराळापासून परतीच्या तिकिटापर्यंत सगळं मी वेळेत उरकते. त्या सायकलबद्दल विचारायचं तेवढं राहून जातं.