कासवाचं शेपूट

ज्या वर्षी आमचा जिल्हा मध्यप्रदेशातून काढून मुंबई राज्यात घातला, त्याच वर्षी मला फुलसावंगीकडच्या माहेरातून काढून घाटंजीकडच्या सासरी घातलं. जिल्ह्याला कोणी विचारलं नव्हतं, मलाही नाही. छपन्न साल होतं ते. जिल्ह्याचं पुढे बरं झालं की वाईट, ते शहाण्या माणसांनी सांगावं. माझं मी सांगते.

माहेर पैनगंगेच्या काठी. बाबांची शेती कपाशीची, पण उन्हाळा लागला की ते नदीच्या पात्रात डांगरवाडी लावायचे. रेतीत आळी करायची, डांगरं, म्हणजे खरबुजं, आणि काकड्या लावायच्या, झोपडी घालून राखण करायची. आम्ही लेकरं दिवसभर तिथंच पडलेली असायचो. शेजारच्या डोहात कासवं भरपूर होती आणि डांगरवाडीवरच्या गड्यांना कासवाचं मटण भारी आवडायचं. बाबांचा मात्र दंडक होता की मादीला हात लावायचा नाही. ती काठावर येऊन माती उकरते, अंडी घालते. तीच खाल्ली तर पुढल्या साली डोहात राहील काय? म्हणून कासव सापडलं की आधी ते उताणं करायचं आणि नर की मादी ते बघायचं.

ते बघायला मी शिकले. आमच्याकडचं हे कासव उताणं केलं की मान आत घेतं आणि मागचे पायही कातड्याच्या झडपांखाली मिटून घेतं. तेव्हा घाई करायची नाही, गुपचूप बसायचं. थोड्या वेळानं ते धीर करून पाय बाहेर काढतं आणि शेपूट दिसतं. नराचं शेपूट जाड, लांब, पाठीच्या काठाबाहेर चांगलं येणारं. मादीचं म्हणजे नुसतं बोंड, असून नसल्यासारखं. आकारावर मुळीच जाऊ नये, कारण या जातीत मादीच मोठी होते. एवढंच ते शास्त्र. नदीकाठच्या कोणत्याही पोरीला येतं.

सासरी नदी नव्हती. वाघाडी कोसभर लांब, तीही उन्हाळ्यात एका डोहापुरती उरलेली. गाव सगळं काळ्या मातीचं, कापूस आणि तुरीचं. पाण्यातल्या जिवांशी या लोकांचा संबंध बाजारातल्या मासोळीपुरता. घरामागे बांधीव विहीर होती, चारी बाजूंनी सरळ दगडी भिंत, पायऱ्या नाहीत. तिचं पाणी गोड होतं आणि सासूला तिचा फार अभिमान होता. मी गेल्या गेल्या मला आधी देव दाखवले, मग विहीर.

लग्नाला काही वर्षं झाली आणि पोट दिसेना. तिथून माझे हाल सुरू झाले. बायका वाण घ्यायला बोलवायच्या बंद झाल्या. जाऊ आपलं तान्हं माझ्या मांडीवरून पटकन उचलून न्यायची आणि वर मला हसून दाखवायची. मुळ्या उगाळून झाल्या, उपास झाले, शेवटी यवतमाळला नेऊन दाखवलं. तिथली डॉक्टरीण म्हणाली, हिच्यात काही खोट दिसत नाही, आता हिच्या मालकाला घेऊन या. सासू बाहेर आल्यावर म्हणाली, डॉक्टरीण अजून कवळी आहे, तिला काही समजत नाही. झालं, तो विषय तिथंच मिटला. यांना कोण घेऊन जाणार होतं? हे म्हणजे माझे मालक. वाईट माणूस नव्हता हो. कधी हात उचलला नाही, कधी टाकून बोलला नाही. बोललाच नाही, हीच तर अडचण.

मग राहिली ती घरची रीत. सुनेची कूस उजवली नाही तर या घरात विहिरीत कासवांचा जोडा सोडायचे. नर मुलानं सोडायचा, मादी सुनेनं. जोड्यानं अंडं दिलं की विहीर फळली म्हणायचं, आणि विहीर फळली की वर्षाच्या आत सून फळते. न फळली तर दोष ना विहिरीचा ना देवाचा, दोष सुनेचा. मग दुसरी आणायची. सासूनं हे मला तांदूळ निवडता निवडता सांगितलं, अगदी शांतपणे, आणि वर म्हणाली की तुझ्या मनाची तयारी असू दे. दुसरी करायची नाही असा कायदा नुकताच झाला होता म्हणे. आमच्या गावापर्यंत तो यायचा होता.

दीर घाटंजीच्या बाजारातून कासवं घेऊन आला. ओल्या पोत्यात दोन, एक मोठं आणि एक लहान. त्यानं मासे धरणाऱ्या ढिवराला सांगितलंच होतं तसं, की मोठा नर दे आणि लहान मादी दे, आणि त्या माणसानं गिऱ्हाइकाला हवं तसं एक मोठं, एक लहान काढून दिलं. सासूनं मोठ्याला बुक्का लावला, पाठीवर पांढरी चिंधी बांधली, शेल्यासारखी. लहानाला हळदकुंकू लावलं. मोठं यांच्या हातात दिलं, लहान माझ्या. हे घाबरून ते कासव अंगापासून लांब धरून उभे होते आणि ते पाय झाडत होतं, त्यामुळे त्याचं शेपूट मला नीट दिसलं. मग मी माझ्या हातातलं जरा फिरवून पाहिलं. दोन्हींची बोंडं.

ज्या जोड्यावर माझा संसार टांगला होता, तो जोडाच नव्हता.

"आत्याबाई," मी म्हणाले, "ह्या दोन्ही माद्या हायेत."

दीर हसला. सासूनं आधी मोठ्या कासवाकडे पाहिलं, मग माझ्या शेजारी उभ्या असलेल्या आपल्या उंचनिंच लेकाकडे.

"नर मोठाच असते," ती म्हणाली. "घरात पाह्य ना."

मी शेपटाचं सांगायला गेले. नराचं असं असतं, मादीचं तसं असतं, वाटलं तर उताणं करून दाखवते. जावेनं तोंडाला पदर लावला. सासऱ्यांनी मान फिरवली. चार माणसांत, पूजेच्या ठिकाणी, सून नराचं शेपूट कसं असतं ते सांगते! अशी बेशरम बाई कुळात आली नव्हती, हे सासूनं तिथंच सांगून टाकलं आणि माझ्या हाताला धरून कासव बादलीत ठेवायला लावलं. दोर सैल सोडला. दोघी एकामागून एक पाण्यात गेल्या. संध्याकाळी मी यांना म्हणाले, अजून वेळ गेली नाही, एक बदलून आणा, गुपचूप आणा. हे म्हणाले, आता सोडले ना, राहू दे.

त्या पुढच्या पावसाळ्यात पाणी बेताचंच पडलं. दिवाळीच्या सुमाराला विहीर इतकी खाली गेली की बादली तळाला लागून गाळ वर यायला लागला. एके सकाळी मी बादली ओढली, सासू तिथंच तांब्या घासत बसलेली. गाळात एक पांढरं, गोल, लिंबाहून जरा लहान अंडं होतं. तिनं ते माझ्या आधी पाहिलं. मायबाई, काय तो आनंद! पदरात घेऊन ती देवघरात गेली, अंडं गंगाजलानं धुतलं, गल्लीत गूळ वाटला. मलाही जवळ घेतलं. लग्न झाल्यापासून तिनं मला जवळ घेतलं ते तेवढंच, आणि मला तिचा इतका राग आला होता की मी दगडासारखी उभी राहिले.

कारण मला ते अंडं कसं आलं ते कळत होतं. कोंबडी नाही का कोंबड्यावाचून अंडं घालत? तसं ते. आणि त्यातही कासवी पाण्यात अंडं घालत नसते. तिला माती लागते. दिवस भरले की ती काठ शोधते, आणि इथं काठच नव्हता, सगळीकडे दगड. भिंतीला नखं लावत ती किती फिरली असेल कोण जाणे. शेवटी निभलं नाही तेव्हा पाण्यातच टाकून दिलं. हे मी सासूला सांगितलं, सासऱ्यांना जावेमार्फत सांगितलं, यांना तर हात जोडून सांगितलं. पण आता माझं कोण ऐकणार? विहिरीनं कौल दिला होता. माझ्याकडे एक वर्ष होतं आणि ते कसं संपलं ते मी सांगत नाही.

दुसरी मारेगावकडची आणली. गरिबाघरची, वयानं माझ्याहून पुष्कळ लहान. मांडवात मलाच तिची ओटी भरायला लावली. मी ठरवलं होतं की हिचं तोंड बघायचं नाही, पण पोरगी पहिल्याच दिवशी चुलीपाशी येऊन म्हणाली, बाई, मले तुमच्याच संग जेवू द्या, तिकडं मले भेव लागते. काय करता? जेवू घातलं. सवत म्हणून भांडावं तर भांडायला तिच्यात काही नव्हतंच. आम्ही दोघी मिळून घर सांभाळू लागलो, आणि सासू दर महिन्याला तिच्याकडे बघायची तसं, जसं पूर्वी माझ्याकडे बघायची. तिचंही पोट दिसेना. वर्षं गेली. मुळ्या पुन्हा उगाळल्या गेल्या, उपास पुन्हा झाले. तिला यवतमाळला मात्र नेलं नाही.

मग एका उन्हाळ्यात विहीर पार आटली. गाळ काढायला गडी उतरले आणि पहिल्याच खेपेला त्यांनी बादलीत घालून कासवं वर पाठवली, दोन्ही जिवंत. सासू घरात होती. हे रहाटाशी उभे होते. मी ती दोन्ही सावलीत घेतली, चिखल धुतला आणि उताणी करून ठेवली. धाकटी सवत शेजारी येऊन बसली. तिला म्हणाले, थांब, बोलू नको, आता पाय बाहेर काढतील. आम्ही थांबलो. आधी मोठीनं पाय काढले, मग लहानीनं. मी तिला दोन्ही शेपटं दाखवली, नराचं कसं असतं ते बोटानं मापून दाखवलं, आणि या घरानं यांना जोडा म्हणून सोडलं होतं ते सांगितलं.

तिनंही बोट लावून दोन्ही शेपटं मापून पाहिली. माझ्याकडे न बघताच बोलली.

"मंग बाई, तुमचंबी काही चुकलं नोतं. अन् माहंबी नाही."

"नाही," मी म्हणाले.

हे हाताच्या अंतरावर होते. ऐकलं त्यांनी. रहाटाचा दोर त्यांच्या हातात होता तसाच राहिला, खाली गडी ओरडत होते की घमेलं ओढा, आणि हे जमिनीकडे बघत होते. मला वाटलं, आता तरी हा माणूस एक शब्द बोलेल. मी तेवढ्यात म्हणालेसुद्धा, यांना वाघाडीच्या डोहात नेऊन सोडा, एवढं तरी करा. त्यांनी दोर ओढायला घेतला.

दुपारून खाली झरा लागला. सासूनं घरातून हाक दिली की पाणी येऊन राह्यलं, जोडा खाली सोडा, नाही तर विहीर रुसते. गडी आणि हे जेवायला गेले होते, आमच्याशिवाय तिथं कोणी नव्हतं. मोठी मी बादलीत ठेवली, लहान धाकटीनं. तिच्या डोळ्यांना पाणी होतं, माझ्या नव्हतं. दोर आम्ही दोघींनी मिळून सोडला.

त्यानंतरही पाणी खाली गेलं की कधीतरी बादलीत अंडं यायचं. सासूला आम्ही ते दिसू देत नव्हतो. विहिरीमागे कडुलिंबाखाली भुसभुशीत माती होती, तिथं हातानं खड्डा करून आम्ही ते पुरायचो आणि वरून माती सारखी करायचो. त्यातून काही निघणार नाही हे मला माहीत होतं आणि तिलाही मी सांगितलं होतं. तरी ती जाता येता तिथं बघायची.