न शिकवलेली क्रियापदं

मी अमरावतीच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात मराठी शिकवतो. व्याकरण मुलांना नकोसं असतं. मला ते बरं वाटतं, कारण तिथे कोणी आपल्याला आपल्याबद्दल काही विचारत नाही. त्यातही क्रियापदांचा धडा मी मन लावून शिकवत आलो. फळ्यावर लिहायचं, दोरी तुटली. शेजारी लिहायचं, मी दोरी तोडली. पहिल्या वाक्यात दोरी एकटीच आहे, तिची ती तुटली. दुसऱ्यात कोणीतरी येऊन उभा राहिला आणि 'तुटणे'चं 'तोडणे' झालं. पडणेचं पाडणे, सुटणेचं सोडणे. अकर्मक क्रियापदाला कर्म मिळालं की ते सकर्मक होतं, आणि पुष्कळदा त्याचा चेहराही बदलतो. एका वर्षी मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, "सर, नुसतं दोरी तुटली म्हटलं, की कोणी तोडली ते सांगावंच लागत नाही ना?" मी म्हटलं, असं परीक्षेत विचारत नाहीत. पुढचं लिहून घ्या.

बाबा अकोल्यात, मोर्णा नदीच्या पलीकडे जुन्या शहरात राहतात. कापसाच्या जिनिंगमध्ये फिटर होते. आई गेल्यापासून माझी धाकटी बहीण त्यांच्याजवळ असते. तिने लग्न केलं नाही. ती एका सरकारी दवाखान्यात औषधं देण्याच्या खिडकीवर बसते. मी शिकलो, अमरावतीला स्थायिक झालो आणि प्रमाण मराठी बोलू लागलो. एवढ्यावर थांबलो असतो तर चाललं असतं. मी बाबांचंही बोलणं दुरुस्त करू लागलो. ते 'मले' म्हणाले की मी 'मला' म्हणायचो. आधी ते हसायचे. "कारे लेका, मले म्हनलं तं कंडक्टर तिकीट देत नाई काय?" पुढे पुढे त्यांचं फोनवरचं बोलणं आखडत गेलं. बरं हाय, जेवलो, ठेवतो. मला ते सोयीचं होतं. मीही फार बोलणारा नाही.

गेल्या वर्षी पावसाळ्यात एका सकाळी बाबांचा फोन आला. मी शिक्षकांच्या खोलीत होतो, तासाची घंटा झाली होती.

"लेका," ते म्हणाले. मग बराच वेळ काही नाही. मग, "कप... मी कप पडलो."

"बाबा, कप पडला म्हणा. नाहीतर मी पडलो म्हणा. दोन्ही एकदम कसं होईल?"

शेजारचे दोन शिक्षक हसले. ते हसावेत म्हणूनच मी बोललो होतो, हेही आज लिहून टाकतो.

"मी कप... पड... लेका, मी..."

"तास आहे बाबा. संध्याकाळी बोलू." मी फोन ठेवला आणि वर्गात गेलो.

बहीण दुपारी घरी आली तेव्हा ते स्वयंपाकघरात आडवे होते. उजवी बाजू गेली होती. चहा फरशीभर सांडलेला, फोन त्यात पडून बंद झालेला, पुन्हा कधी सुरू न झालेला. रुग्णालयात डॉक्टर म्हणाले, मेंदूतली गुठळी विरघळवायचं इंजेक्शन सुरुवातीच्या काही तासांतच देता येतं, तुम्ही उशीर केला. बहीण भिंतीला टेकून उभी होती. मी पोचलो तशी तिने विचारलं, "दादा, तुले फोन केलता काय त्यायनं?"

"नाही," मी म्हणालो.

मी खोटं बोललो. या वाक्याबद्दल मुलांना मी दरवर्षी एक गंमत सांगत असे. भूतकाळात सकर्मक क्रियापद बहुतेक वेळा कर्त्याला सोडून कर्माच्या मागे जातं. मी कप फोडला, मी काच फोडली, मी भांडं फोडलं. फोडणारा तोच, क्रियापद मात्र त्याच्याकडे वळूनही पाहत नाही. बोलणे, विसरणे, शिकणे अशी थोडी हट्टी क्रियापदं आहेत. त्यांना कर्म दिलं तरी ती कर्त्याला सोडत नाहीत. मी खोटं बोललो. खोटं नपुंसकलिंगी, पण 'बोललं' होत नाही, माझ्याशी जुळून 'बोललो'च राहतं. ही गंमत मी आता सांगत नाही.

बाबा वाचले, भाषा गेली. भाषा शिकवायला एक तरुण बाई येत असे. वाचेवर उपचार करणं हेच तिचं काम. तिने आम्हा दोघांना समोर बसवून समजावलं. बाबांना वस्तूंची नावं आठवतात, क्रियापदं अडकतात. आधी एकट्याने होणारी क्रियापदं घ्यायची: झोपतो, पडतो, रडतो. ती बसली की ज्यांना दुसरं काही लागतं ती घ्यायची: खातो, उघडतो, मारतो, बोलावतो. करणारा आणि ज्याच्यावर करायचं तो, दोन्ही एकदम डोक्यात धरावे लागतात, म्हणून ती जड जातात. सुरुवातीचे महिने हातचे जाऊ देऊ नका, म्हणाली.

मी थक्क झालो. जन्मभर फळ्यावर जे शिकवलं ते एका माणसाच्या मेंदूत खरंच असं रचलेलं असतं, हे मला माहीत नव्हतं. मी म्हणालो, घरचा सराव मी घेईन. तिने चित्रांच्या कार्डांचे दोन गठ्ठे माझ्याकडे दिले. दर शनिवारी मूर्तिजापूरमार्गे एसटी, रविवारी परत. शेजारची म्हातारी बहिणीला म्हणायची, "पोरगा असावा तं असा. आमचा पुन्याले गेला तं फोटो पाठोते नुसता." बहीण पौर्णिमेला विहारात बाबांसाठी मेणबत्ती लावायची आणि माझ्यासाठीही एक लावायची. हे तिनेच मला सांगितलं.

बाबा खरंच सुधारत होते. झोपला. पडलं. रडते. दिवाळीपर्यंत एकट्याची क्रियापदं बरीच परत आली. मग मी दुसरा गठ्ठा काढला. पहिलं कार्ड पोळी लाटणाऱ्या बाईचं, दुसरं दार उघडणाऱ्या माणसाचं. बाबांनी दाराच्या कार्डाकडे खूप वेळ पाहिलं. कपाळावर घाम आला. मग त्यांनी कार्ड खाली ठेवलं, डावा हात कानाशी नेला आणि माझ्याकडे बोट केलं.

"तू," ते म्हणाले. "तुले... मी... के... केल..."

स्वयंपाकघरातून बहीण ओरडली, "काय म्हनून राहिले बाबा?"

"काही नाही. चष्मा मागतायत."

चष्मा त्यांच्या डोळ्यांवर होता. बाबांनी तो काढला, मांडीवर ठेवला आणि माझ्याकडे पाहत राहिले. मी गठ्ठा उचलून पिशवीत टाकला. त्या रविवारी तो माझ्याबरोबर अमरावतीला आला आणि माझ्या कपाटात राहिला.

उपचारवाल्या बाईला मी सांगितलं, ती क्रियापदं घेतली की बाबा चिडतात, रडतात, रक्तदाब वाढतो. पहिली पक्की होऊ द्या. तिने मान डोलावली. मराठीचे प्राध्यापक सांगतायत म्हटल्यावर तिने तरी काय करावं? बहिणीला सांगितलं, बाईंनीच थांबायला सांगितलंय. मी शनिवार चुकवला नाही. दर शनिवारी बाबांसमोर बसून तीच चित्रं दाखवत राहिलो, झोपणारं बाळ, उडणारा पक्षी, पडणारं पान. ते निमूटपणे म्हणत. झोपलं. उडला. पडलं. सुरुवातीला ते अधूनमधून कानाशी हात न्यायचे. मी पुढचं कार्ड धरायचो. मग तेही थांबलं.

अकर्मक क्रियापदांवर माणूस जगू शकतो. दुखतं, थकलो, झोपलो, झालं. आपल्याला काय होतंय एवढं त्याला सांगता येतं. कोणी काय केलं ते सांगता येत नाही, आणि कोणाकडे काही मागता येत नाही. दे, आण, उघड, बोलाव, हे सगळं पलीकडे राहतं. बहीण अंदाजाने एकेक वस्तू समोर धरायची. चूक निघाली की बाबा डोळे मिटून घ्यायचे. मी हे पाहत होतो.

उन्हाळा गेला, पुन्हा पाऊस झाला. मागच्या महिन्यात उपचारवाल्या बाईने बाबांना शेवटचं तपासलं. आता जेवढं आलंय तेवढंच, म्हणाली. पुढे फार आशा धरू नका.

बहिणीने विचारलं, "आमचं काई चुकलं काय म्याडम?"

"तुमचं? अहो, सरांसारखं करणारा मुलगा मी पाहिला नाही."

ती गेल्यावर बहीण ओट्याशी उभी राहून भाजी निवडू लागली. मी तिथेच उभ्या उभ्या सांगून टाकलं. फोन, कप, शिक्षकांचं हसणं, कपाटातला गठ्ठा. कसलंही सबबीचं वाक्य मध्ये घातलं नाही. ती भाजी निवडत राहिली. मला वाटलं, ती ऐकत नाही.

"मंग आता कावून सांगून राहिला?" ती म्हणाली.

मी ओट्यावरची एक जुडी तिच्याकडे सरकवली.

"आता ते बोलनारच नाईत म्हनून? आता कोनी तुले पकडनार नाई म्हनून?"

"तसं नाही गं."

"मंग कसं? सांग ना. तुले तं लय चांगलं बोलता येते."

तिचं म्हणणं खरं होतं का, हे तेव्हापासून स्वतःला विचारतो आहे. बहुतेक खरं होतं.

"तवाच सांगतलं असतं तं मी दोन शिव्या देल्या असत्या," ती म्हणाली. "रडली असती. झालं असतं. गठ्ठा कायले नेला दादा? त्यायच्या तोंडातून काढून कपाटात ठेवला तू." मग तिने हात धुतले, पदराला पुसले. "येत जा. लोक इचारतीन, नाई आला तं. पन बाबापाशी एकटा बसू नको."

गठ्ठा मी पुढच्या खेपेला आणून दिला. ती रोज संध्याकाळी घेऊन बसते. पोळी लाटणाऱ्या बाईचं कार्ड धरून विचारते, "हे काय करून राहिली बाबा? लाट... लाटून..." बाबा म्हणतात, "झोपली." ती म्हणते, "नाई बाबा, जागी हाय ते," आणि परत विचारते. तिचा आवाज चढत नाही. मी बाहेरच्या खोलीत खुर्चीवर बसून ऐकतो. त्या महिन्यांत घेतलं असतं तर आलं असतं का, हे मी उपचारवाल्या बाईला फोन करून विचारलं होतं. सांगता येत नाही, म्हणाली. कदाचित आलंही नसतं. तो 'कदाचित' मी काही दिवस जपून पाहिला. त्याचा मला उपयोग नाही.

काल रविवार होता. हवेत गारठा आलाय. बहीण खाली गॅसवाल्याशी बोलत होती. आतून बाबांचा आवाज आला, "थंडी." मी दाराशी गेलो. चादर पलंगावरून घसरून खाली पडली होती, आणि तिचं एक टोक डाव्या हाताने ओढण्याची त्यांची खटपट चालली होती. टोक हाताला लागत नव्हतं. त्यांनी मला पाहिलं. "थंडी," परत म्हणाले, नुसतं तेवढंच.

दोन पावलांचं काम होतं. मी उंबऱ्याबाहेर उभा राहून बहिणीला हाक मारली. ती जिना चढून आली, माझ्या बाजूने आत गेली आणि त्यांच्या अंगावर चादर पांघरली.