ओसाकाची रंगीत तालीम

आमच्या डोक्यावरच्या मजल्यावरून एक माणूस गेले दोन महिने पायी ओसाकाला निघाला आहे. खिडकीपासून दारापर्यंत अकरा पावलं, दारापासून खिडकीपर्यंत अकरा. मी खाली आरामखुर्चीत पडून ऐकत असतो. दुसरा उद्योग तरी काय मला?

हे आमचे मिनिटसाहेब. बसच्या आगारात एकतीस वर्षं वेळापत्रकं आखायचे. मी त्याच आगारात ड्रायव्हर होतो, तेव्हा या माणसाबद्दल मी निःपक्षपातीपणे बोलेन अशी आशा कुणी ठेवू नये. फेरी संपली की परत निघण्याआधी ड्रायव्हरला थोडी मोकळी मिनिटं मिळायची. आम्ही त्याला ‘दम’ म्हणायचो. दमात चहा व्हायचा, पाय मोकळे व्हायचे, वरिष्ठांची यथासांग निंदा व्हायची. साहेबांनी बारा मिनिटांचा दम सातवर आणला, सातचा चारवर. वर लेखी कळवलं, ‘चार मिनिटांत चहा पिऊन होतो.’ होतो की. फक्त टाळूची सालं निघतात.

गंमत बघा, रोज शेकडो गाड्या गावोगाव धाडणारा हा गृहस्थ स्वतः कधी कुठे गेला नाही. आणि वहिनी, म्हणजे त्यांच्या सौभाग्यवती, त्या सव्वीस वर्षं रुग्णालयाच्या स्वयंपाकघरात. सगळं अळणी, सगळं मऊ. दोनशे ताटं रवाना झाली की ओट्याला टेकून उभ्या उभ्या चार घास पोटात ढकलायच्या. दोघं एकाच वर्षी निवृत्त झाले, आणि एका दुपारी वहिनींनी टीव्हीवर जपानमधल्या ओसाकातलं एक चिमुकलं दुकान पाहिलं. गिऱ्हाईक स्टुलावर बसलेलं, पुढ्यात तापलेला लोखंडी तवा, आणि पलीकडचा माणूस पिठात ढीगभर कोबी कालवून त्यावर थापतोय. त्याला म्हणे ओकोनोमियाकी म्हणतात.

“भाऊजी,” वहिनी मला म्हणाल्या, “मला तिथे जाऊन बसायचंय. माझं जेवण माझ्यासमोर दुसरं कुणीतरी करतंय, आणि मी नुसती बघतेय.”

एवढीच मागणी. उभ्या आयुष्यातली पहिली.

तिकिटं निघाली. चार दिवस, दोन माणसं. आणि इथेच घात झाला, कारण साहेबांच्या हाती कोरा कागद लागला. वहिनी तो घेऊन खाली आल्या तेव्हा त्यांचा चेहरा बघण्यासारखा होता. किल्ला, मत्स्यालय, कालव्याकाठचे दिवे, बाजार, सगळं मिनिटामिनिटाला बांधलेलं.

“हे वाचा. ‘ओकोनोमियाकी, एकोणीस मिनिटं, हात पुसण्यासह.’ एकोणीस! अहो, त्याची दुसरी बाजू तरी भाजून होईल का?”

“वहिनी, तुमची चांदी आहे,” मी म्हटलं. “मला चार मिळायची.”

आता आगाराची एक रीत होती. नवा मार्ग सुरू करायच्या आधी त्यावर रिकामी गाडी घड्याळ लावून पळवून बघायची. साहेबांनी ठरवलं, ओसाकाचीही तशीच तालीम करायची. किल्ल्याच्या मनोऱ्याऐवजी पाण्याच्या टाकीचा जिना. (“तिथे लिफ्ट आहे,” वहिनी म्हणाल्या. “लिफ्टला रांग असेल,” साहेब म्हणाले.) मत्स्यालयाऐवजी मासळीबाजार. आणि तवेवाल्याच्या दुकानाऐवजी नाक्यावरची भाजलेले बटाटे विकणारी बाई, कारण तिच्याकडे स्टुलं आहेत. मला तिथे निरीक्षक नेमलं. मी फुकटचा बटाटा पदरात पाडून घेतला आणि बसलो.

ठरल्या मिनिटाला जोडपं हजर. साहेबांनी बटाटा तोंडात कोंबला, तो आतून निखारा. ते हाशहुश करत मनगटाकडे बघताहेत, आणि वहिनी रंगात आलेल्या. बटाटेवाली चिमट्यानं एकेक बटाटा उलटत होती, तिच्याकडे टक लावून त्या विचारत होत्या, “आतून शिजला हे तुम्हाला कसं कळतं?” बटाटेवालीला आजवर कुणी हे विचारलं नव्हतं. ती खुलून सांगू लागली.

“निघायची वेळ,” साहेब म्हणाले.

“आले हं,” वहिनी म्हणाल्या, पण मान वळली नाही.

आणि साहेब निघाले. खरंच निघाले हो! एकतीस वर्षांची सवय. प्रवासी चढला नाही म्हणून गाडी थांबत नाही. तरातरा टाकीपर्यंत गेले, जिना चढले, वर पोचून घड्याळ पाहिलं, दोन मिनिटं वाचली म्हणून हरखले आणि “बघितलंस?” म्हणत वळले. मागे कबुतर होतं.

घरी येतात तो वहिनींनी आपली बॅग रिकामी करून कपाटावर चढवलेली. “ज्या माणसाची तालमीत बायको हरवली तरी वेळ चुकत नाही, त्याला खऱ्या फेरीला बायको हवीच कशाला? तुम्ही जा. हवं तर भाऊजींना न्या.”

जिन्यातून मी ओरडलो, “मला नको! मी पुरेसं भाजून घेतलंय!”

विमान बारा दिवसांवर. वरची पावलं बिघडली. सहा पावलं, थांबा. चार पावलं, थांबा. मग पुन्हा खिडकी. तिसऱ्या दिवशी साहेब माझ्याकडे आले. बसले, उठले, पडदा सरकवला, पुन्हा बसले.

“बोलत नाही ती.”

“जेवायला वाढतात?”

“वाढते. आणि स्वतः ओट्याशी उभी राहून खाते.” एवढं बोलून ते उठले. “मला उशिराची भीती नाही वाटत हो. बसलो की भीती वाटते. वाटतं, आपण बसलोय आणि तिकडे काहीतरी सुटून चाललंय.”

“सुटलंच की. वहिनी सुटल्या.”

साहेब पुन्हा पडद्याकडे गेले.

“दम ठेवा,” मी म्हटलं.

“किती मिनिटांचा?”

“हे मला काय विचारता? मी नुसता ड्रायव्हर. प्रवाशाला विचारा.”

त्यांनी मनगटावरचं घड्याळ काढून माझ्या टेबलावर ठेवलं आणि वर गेले. जाता जाता सांगून ठेवतो, ते घड्याळ मी भिंतीवरच्याशी ताडून पाहिलं. चार मिनिटं पुढे होतं. एकतीस वर्षं माझा चहा कुठे जात होता, ते कळलं. साहेबांना अजून बोललेलो नाही. असं हत्यार जपून वापरावं.

वर बराच वेळ बोलणं चाललं. शेवटी वहिनींचा हुकूम सुटला, “तालीम पुन्हा. फक्त बटाटेवाली. उठायचं कधी ते मी सांगेन.”

बघायला मी गेलोच. न जाऊन चाललं असतं का? साहेब स्टुलावर, गुडघा शिवणयंत्रासारखा हलतोय, त्यानं स्टूलच इंचाइंचानं रस्त्याकडे सरकतंय. वहिनी सावकाश सोलताहेत, फुंकताहेत, खाताहेत. समोरून सात नंबरची गाडी गेली. साहेबांनी मनगट पाहिलं. तिथे नुसता पांढरा पट्टा. “ही गाडी...” म्हणाले, आणि पुढचं गिळलं.

वहिनींनी दुसरा बटाटा मागवला. मग सहज विचारल्यासारखं विचारलं, “तवेवाल्याकडे किती वेळ धरलाय?”

साहेबांनी खिशातून कागद काढला. एकोणीसवर काट मारली होती. पुढे काहीच लिहिलं नव्हतं.

“तू उठशील तोपर्यंत.”

“आणि किल्ला?”

“राहिला तर...” साहेबांचा आवाज चिरकला, “राहिला.”

“राहतो कसा? मला बघायचाय किल्ला. जेवून झाल्यावर. लिफ्टनं.” वहिनींनी बोटं पुसली. “विमान किती वाजता?”

“नऊ पंचवीस. घरातून पाचला...” साहेब अडखळले. “म्हणजे, तू म्हणशील तेव्हा.”

“पाचलाच निघू. विमान काही बटाटेवालीचं नाही.”

गुडघा पुन्हा सुरू झाला होता. वहिनींनी त्याच्याकडे पाहिलं, वाफाळत्या बटाट्याची ताटली उचलली आणि अलगद त्याच गुडघ्यावर ठेवली.

“सांडू नका हं.”

साहेब ताटली दोन्ही हातांनी धरून पुतळ्यासारखे बसले, आणि वहिनींनी बटाटेवालीला तिसरा टाकायला सांगितला.