सात नंबरातली चिठ्ठी

नवरा गेल्यावर, तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी मी यादी केली. मृत्यूचे दाखले, बँक, सोसायटी, गॅस कनेक्शन, वाचनालयाचं पुस्तक. शेवटचं काम सगळ्यांत सोपं, म्हणून तेच आधी उरकलं. मुलुंडच्या आमच्या घरापासून वाचनालय पाच मिनिटांवर आहे.

दहा वर्षांची लेक शाळेतून आली आणि टीपॉयवर शोधू लागली.

"आई, सात नंबर कुठेय?"

"परत दिलं. मुदत संपली होती."

"अगं, त्यात बाबाची चिठ्ठी होती ना!"

एका कॉलनीतली तीन मुलं चोऱ्या शोधतात, अशी ती बारा पुस्तकांची मालिका. बापलेक शेवटच्या प्रकरणाआधी थांबायचे, चोर कोण ते चिठ्ठीवर लिहून पुस्तकात ठेवायचे आणि मग शेवट एकत्र वाचायचे. मला हे माहीत होतं, तरी मी पुस्तक उघडूनही पाहिलं नाही. एकदा मी नवऱ्याला विचारलं होतं, "दर वेळी तेच तर होतं, मजा काय त्यात?"

"शेवटी सगळं कळणार, ही खात्री असते," तो म्हणाला होता.

सातव्या भागाची चिठ्ठी त्याने हॉस्पिटलमध्ये लिहिली होती. लेकीची लिहायची राहिली होती.

आम्ही तशाच निघालो. वाचनालयातल्या काकांनी रजिस्टर पाहिलं. पुस्तक दुपारीच गेलं होतं, मागच्या बिल्डिंगमधल्या एका मुलीकडे. तिने दार उघडलं तेव्हा पुस्तक हातातच होतं.

"शेवट सांगू नकोस हं!" लेक आधीच ओरडली.

"कुठे सांगतेय? माझं तिसरंच प्रकरण चाललंय." तिने पाठच्या पानांतून घडी काढून दिली. "उघडली नाही मी. वर लिहिलंय ना, 'आधी तू लिही'."

लेकीने घरी येऊन आपली चिठ्ठी लिहिली. दोन्ही चिठ्ठ्या माझ्या डायरीत राहिल्या. यादीत मी नवीन काम घातलं: सात नंबर परत आणणे. पुस्तक मिळायला आठ दिवस लागले.

"तू वाच," लेक म्हणाली. मी शेवटचं प्रकरण मोठ्याने वाचलं. चोर माळी निघाला. तिच्या चिठ्ठीतही माळीच होता. मग तिने बाबाची घडी उघडली.

'या वेळी मला काही सुचत नाहीये. तू सांग.' अक्षर खाली घसरत गेलेलं.

माझं पेन घेऊन तिने त्याखाली लिहिलं, 'माळी होता, बाबा.'